राजीनामा देऊ नका, नोटीस द्या

वाचक भगिनीचे पत्र (संक्षेपाने): "मी राज्य शासनाच्या एका जिल्हास्तरीय कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे. 2 ऑगस्ट 1999 रोजी नियमित पदावर रुजू झाले. वय 50. माझा 24 वर्षांचा मुलगा बौद्धिकदृष्ट्या विकलांग असून त्याला सतत सोबत लागते. आजवर सासूबाई ते सगळे पाहत होत्या. मागच्या वर्षी त्या गेल्या. पती खासगी कंपनीत आहेत. येत्या 31 मे 2026 पासून स्वेच्छानिवृत्ती घ्यावी असे आम्ही ठरवले आहे. 'मला स्वेच्छानिवृत्ती मंजूर करावी, ही विनंती' असा अर्ज मी वरिष्ठांकडे दिला, पण महिना झाला तरी उत्तर नाही. आस्थापना शाखेत सांगतात की 33 वर्षे भरल्याशिवाय पूर्ण पेन्शन मिळत नाही आणि मंजुरी ही साहेबांची मर्जी आहे. मध्ये मुलाच्या आजारपणात मी दोन वेळा मिळून 14 महिने असाधारण (बिनपगारी) रजा घेतली होती, ती सेवेतून वजा होईल का? दोन वर्षांपूर्वी एका नस्तीच्या (फाइलच्या) दिरंगाईबद्दल मला कारणे दाखवा नोटीस मिळाली होती. मी खुलासा दिला, पुढे काही झाले नाही. त्याची अडचण येईल का? एक सहकारी म्हणतात, एवढे करण्यापेक्षा राजीनामा देऊन मोकळ्या व्हा. काय करावे?"

सप्रेम नमस्कार.

तुमच्या पत्रातील शेवटच्या वाक्याचे उत्तर आधी देतो, कारण तेथे झालेली चूक पुढे दुरुस्त होत नाही. राजीनामा कोणत्याही परिस्थितीत देऊ नका. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधील नियम 46 प्रमाणे राजीनाम्याने मागील सगळी सेवा समपहृत होते, म्हणजे निवृत्तिवेतनाच्या हिशेबातून पुसली जाते. रीतसर परवानगी घेऊन दुसऱ्या शासकीय पदावर जाण्यासाठी दिलेला राजीनामा हाच काय तो अपवाद. "माझी वीस वर्षे झालेली होती, म्हणून राजीनाम्यालाच स्वेच्छानिवृत्ती समजा" हा युक्तिवादही टिकत नाही. दिल्लीतील एका वीज कंपनीच्या कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2019 मध्ये, केंद्राच्या अशाच नियमांचा अर्थ लावताना, राजीनामा आणि स्वेच्छानिवृत्ती यांचे परिणाम पूर्णतः वेगळे असल्याचे सांगून निवृत्तिवेतन नाकारले. सहकाऱ्यांचा हेतू चांगला असेल, पण त्यांचा सल्ला मानलात तर सव्वीस वर्षांच्या नोकरीनंतर हाती प्रामुख्याने भविष्य निर्वाह निधी आणि गट विम्यातील बचत उरेल.

आता तुमच्या हक्काकडे वळू. तुम्ही 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी नियमित सेवेत आल्या असल्यामुळे तुम्हाला 1982 चे नियम, म्हणजे बोलीभाषेतील जुनी पेन्शन, लागू आहे. (त्या तारखेस किंवा नंतर लागलेल्या वाचकांनी पुढील हिशेब स्वतःला लावू नये. त्यांच्यासाठी अंशदानावर आधारित योजना आहे, तिच्यातून वेळेआधी बाहेर पडण्याच्या अटी बऱ्याच कडक आहेत. ज्यांच्या पदभरतीची जाहिरात 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी निघाली होती, त्यांना जुन्या योजनेचा पर्याय देणारा शासन निर्णय 2 फेब्रुवारी 2024 रोजी निघाला. त्याचा लाभ आपल्याला मिळाला आहे का, हे त्यांनी आधी पाहावे.) तुमच्या बाबतीत लागू पडतो तो नियम 66. वीस वर्षांची अर्हताकारी सेवा, म्हणजे निवृत्तिवेतनासाठी मोजली जाणारी सेवा, पूर्ण केलेल्या कर्मचाऱ्याला, नियुक्ती प्राधिकाऱ्यास तीन महिन्यांची लेखी नोटीस देऊन, सेवेतून निवृत्त होता येते. तीस वर्षांच्या सेवेनंतरच्या निवृत्तीसाठी नियम 65 वेगळा आहे. त्याची तुम्हाला गरज नाही.

"साहेबांची मर्जी" या शब्दप्रयोगात अर्धे सत्य आहे, आणि ते अर्धे नीट समजून घेणे आवश्यक आहे. नियम 66 खालील नोटिशीला नियुक्ती प्राधिकाऱ्याची स्वीकृती लागते, हे खरे. परंतु त्याच नियमात पुढे असेही म्हटले आहे की, नोटिशीची मुदत संपण्यापूर्वी प्राधिकाऱ्याने परवानगी नाकारली नाही, तर मुदत संपल्याच्या दिनांकापासून निवृत्ती आपोआप अमलात येते. म्हणजे कार्यालयाने गप्प बसणे हा नकार होत नाही. उलट ते गप्प बसणे तुमच्या बाजूने मोजले जाते. हरियाणा राज्य विरुद्ध एस. के. सिंघल या 1999 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने जवळपास याच शब्दांतील नियमाचा असाच अर्थ लावला आहे: नकार द्यायचा तर तो मुदतीच्या आत द्यायला हवा आणि कर्मचाऱ्याला कळवायलाही हवा.

मात्र हे संरक्षण नोटिशीला आहे, विनंती अर्जाला नाही, आणि नेमकी येथेच तुमची बाजू सध्या लंगडी आहे. तुम्ही दिलेल्या अर्जात नियमाचा उल्लेख नाही, निवृत्तीचा दिनांक नाही, आणि तो नियुक्ती प्राधिकाऱ्याऐवजी निकटच्या वरिष्ठांच्या नावे आहे. अशा अर्जावर तीन महिने काहीच झाले नाही, तर निवृत्ती अमलात आली असे ठामपणे म्हणता येणार नाही. म्हणून तो अर्ज बाजूला ठेवून नवीन नोटीस द्या. "महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधील नियम 66 अन्वये मी याद्वारे तीन महिन्यांची नोटीस देत असून अमुक दिनांकाच्या कार्यालयीन वेळेनंतर शासकीय सेवेतून स्वेच्छेने निवृत्त होत आहे" असे एक स्वच्छ वाक्य तिच्यात असावे. पूर्वीच्या अर्जाऐवजी ही नोटीस विचारात घ्यावी, असेही लिहा. कारण एका ओळीत पुरे. घरची कर्मकहाणी लिहिली की नोटिशीचा पुन्हा विनंती अर्ज होतो. तुमच्या नियुक्तीच्या आदेशावर ज्या पदाची सही आहे, साधारणतः तेच पद नियुक्ती प्राधिकारी असते. मूळ नोटीस योग्य मार्गाने, म्हणजे कार्यालयप्रमुखांमार्फत द्या, आणि एक आगाऊ प्रत थेट नियुक्ती प्राधिकाऱ्याच्या आवक शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का, दिनांक आणि आवक क्रमांक घ्या. कोणी घेण्यास टाळाटाळ केली तर वाद न घालता ती स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोहोचल्याचा पुरावा जपून ठेवा. तीन महिने मोजले जातील ते नोटीस पोहोचल्यापासून. सही केल्याच्या दिवसापासून नव्हे. त्यामुळे दोन आठवडे हाताशी ठेवूनच दिनांक ठरवा. तीन महिन्यांपेक्षा कमी मुदत मान्य करण्याची विनंती करता येते, पण तेथे खरोखरच प्राधिकाऱ्याच्या समाधानावर सगळे असते, म्हणून त्या वाटेला जाऊ नका.

परवानगी नाकारली जाते ती प्रामुख्याने दोन परिस्थितींत: मोठ्या शिक्षेसाठी विभागीय चौकशी चालू किंवा प्रस्तावित असणे, अथवा फौजदारी खटला दाखल किंवा प्रस्तावित असणे. "कार्यालयात माणसे कमी आहेत" हे कारण तोंडी फार ऐकू येते, पण तेवढ्यावर लेखी नकार सहसा दिला जात नाही. तुमच्या कारणे दाखवा नोटिशीकडे या दृष्टीने पाहा. नियम 27 प्रमाणे विभागीय कार्यवाही सुरू झाली असे मानले जाते ते दोषारोपपत्र बजावल्याच्या दिनांकापासून, किंवा त्याआधी निलंबन झाले असेल तर त्या दिनांकापासून. तुमचे दोन्ही झालेले नाही; म्हणून आज तुमच्याविरुद्ध चौकशी चालू आहे, असे कोणालाही म्हणता येणार नाही. तरीही "प्रस्तावित" हा शब्द ऐन वेळी पुढे येऊ शकतो. तेव्हा नोटीस देण्यापूर्वीच एक स्वतंत्र पत्र देऊन, माझा खुलासा अमुक दिनांकाचा असून तो स्वीकारून प्रकरण नस्तीबद्ध, म्हणजे बंद, केल्याचे कळवावे, अशी मागणी करा. नस्तीच्या दिरंगाईसारख्या बाबीत मोठी शिक्षा अपेक्षित नसते, आणि शिस्तभंग शाखेलाही असली जुनी प्रकरणे मिटलेली हवीच असतात. निवृत्तीनंतर नव्याने चौकशी सुरू करायची झाल्यास शासनाची मंजुरी लागते आणि चार वर्षांपेक्षा जुन्या घटनेवर ती सुरू करता येत नाही, हेही लक्षात असू द्या.

आता 33 वर्षांचा गैरसमज. एके काळी तो गैरसमज नव्हता. पूर्ण निवृत्तिवेतनाला 33 वर्षे लागत, त्याहून कमी सेवा असेल तर प्रमाणात कपात होई, आणि म्हणूनच स्वेच्छानिवृत्ती घेणाऱ्याच्या सेवेत पाच वर्षांपर्यंत भर घालण्याची सवलत होती. सहाव्या वेतन आयोगानंतर 2009 साली निघालेल्या आदेशांनी हे चित्र बदलले. वीस वर्षांच्या अर्हताकारी सेवेवर आता पूर्ण दराने, म्हणजे अखेरच्या वेतनाच्या किंवा शेवटच्या दहा महिन्यांच्या सरासरी वेतनाच्या, यांपैकी जे लाभदायक असेल त्याच्या 50 टक्के, निवृत्तिवेतन मिळते. 33 शी असलेला संबंध तुटल्यामुळे पाच वर्षांच्या भरीचाही प्रश्न उरला नाही. आस्थापना शाखेत इतक्या वर्षांनंतरही जुने गणित सांगितले जाते याचे आश्चर्य वाटते, पण ते केवळ तुमच्याच कार्यालयात सांगितले जाते असे नाही.

असाधारण रजेचे 14 महिने हा मात्र तपासण्याचा मुद्दा आहे. अशी रजा अर्हताकारी धरायची की नाही हे ती कोणत्या कारणासाठी व कोणत्या प्रमाणपत्रावर मंजूर झाली आणि सेवापुस्तकात तिची नोंद कशी झाली यावर ठरते. मुलाच्या आजारपणासाठीची रजा वजा होईल, असे धरूनच चाला. तसे धरले तरी तुमचे काय बिघडते? रुजू झाल्यापासून 31 मे 2026 पर्यंतची एकूण सेवा 26 वर्षे 9 महिने 30 दिवस. त्यातून 14 महिने गेले तरी 25 वर्षे 7 महिने 30 दिवस उरतात. वीस वर्षांची अट सहज पूर्ण होते आणि मासिक निवृत्तिवेतन एका रुपयानेही कमी होत नाही. फरक पडतो तो उपदानात (ग्रॅच्युइटीत), कारण ते सेवेच्या प्रत्येक पूर्ण सहामाहीमागे वेतनाच्या एक चतुर्थांश या दराने मोजतात. कमाल मर्यादा वेतनाच्या साडेसोळा पटीची.

या हिशेबावरून मला तुम्हाला एक वेगळी सूचना करावीशी वाटते: 31 मे ऐवजी 31 जुलै 2026 हा दिनांक निवडा. शेवटची सहामाही मोजताना तीन महिने व त्याहून अधिकचा तुकडा पूर्ण सहामाही धरला जातो, त्याहून लहान तुकडा सोडून दिला जातो. 31 मे रोजी तुमच्या 51 सहामाही भरतात आणि वरचा दीड-दोन महिन्यांचा तुकडा वाया जातो. 31 जुलै रोजी 25 वर्षे 9 महिने 30 दिवस होतात आणि सहामाही भरतात 52. शिवाय तुमची वेतनवाढ 1 जुलैची असेल, तर ती घेऊन निवृत्त होता येईल आणि पुढील आयुष्यभराचे निवृत्तिवेतन त्या वाढीव वेतनावर ठरेल. हिशेब सोपा जावा म्हणून मूळ वेतन 50,000 रुपये धरू. 31 मे रोजी निवृत्तिवेतन 25,000 आणि उपदान 6,37,500 रुपये. 31 जुलै रोजी, तीन टक्के वेतनवाढीनंतर मूळ वेतन 51,500, निवृत्तिवेतन 25,750 आणि उपदान 6,69,500 रुपये. निवृत्तिवेतनावर महागाई वाढ वेगळी मिळते, त्यामुळे दरमहाचे 750 रुपये दिसतात तेवढे लहान नाहीत. दोन महिन्यांसाठी मुलाच्या सोबतीची तात्पुरती सोय होत असेल तर हा विलंब सोसावा, असे माझे मत आहे. सोय होत नसेल तर तुमच्या खात्यावरील अर्जित रजेतून हे दिवस काढता येतील का ते पाहा. मात्र शिल्लक अर्जित रजेचे, 300 दिवसांच्या मर्यादेत, मूळ वेतन व महागाई भत्त्यासह रोखीकरण होते, तेवढी रक्कम त्या प्रमाणात घटेल.

अंशराशीकरणाबाबत घाई करू नका. निवृत्तिवेतनाच्या 40 टक्क्यांपर्यंतचा भाग विकून एकरकमी पैसे घेता येतात आणि तो भाग 15 वर्षांनंतर पूर्ववत सुरू होतो. वरील पहिल्या उदाहरणात दरमहा 10,000 रुपये सोडले तर तुमच्या वयाला दहा लाखांच्या थोडी वर रक्कम हाती येईल, आणि 15 वर्षांत सोडलेली रक्कम होईल 18 लाख. महागाई वाढ कपातीपूर्वीच्या पूर्ण निवृत्तिवेतनावर मिळत राहते, ही त्यातली जमेची बाजू. घराचे महागडे कर्ज डोक्यावर असेल तर अंशराशीकरण शहाणपणाचे. केवळ सगळे घेतात म्हणून घेऊन मुदत ठेवीत टाकणे तुमच्या घराला परवडणारे नाही, कारण तुम्हाला गरज आहे ती दरमहाच्या खात्रीच्या पैशाची. निवृत्तीपासून एक वर्षाच्या आत अर्ज केल्यास वैद्यकीय तपासणी लागत नाही, म्हणजे विचाराला वेळ आहे. उपदान, अंशराशीकरणाची रक्कम आणि रजा रोखीकरण हे तिन्ही शासकीय कर्मचाऱ्याला आयकरमुक्त आहेत. मासिक निवृत्तिवेतन मात्र करपात्र आहे.

नोटीस देण्याआधी एक दिवस काढून सेवापुस्तक पानोपानी वाचा. निवृत्तिवेतन अडते ते नियमांमुळे क्वचित, नोंदींमुळे नेहमी. पहिल्या नियुक्तीचा आदेश, स्थायित्वाची नोंद, दरवर्षीची सेवा पडताळणी, असाधारण रजेचे दोन्ही आदेश, वेतनवाढी, आणि वेतन पडताळणी पथकाचे शेरे हे सगळे पाहा. पथकाने काही आक्षेप काढला असेल आणि जादा वेतनाची वसुली निघणार असेल, तर ती आत्ताच कळलेली बरी. त्यानंतर "माझी अर्हताकारी सेवा किती झाली ते लेखी कळवावे" असे पत्र द्या. कार्यालयाने एकदा वीस वर्षांहून अधिक आकडा लिहून दिला की नंतर कोणालाही त्या मुद्द्यावर मागे फिरता येणे अवघड जाते. नोटीस दिल्यावर निवृत्तिवेतनाचे कागद लगेच भरायला घ्या. ते महालेखापालांकडे, तुमच्या जिल्ह्यानुसार मुंबईला किंवा नागपूरला, वेळेत गेले नाहीत तर निवृत्ती झाली तरी निवृत्तिवेतन सुरू होण्यास महिने लागतात. विलंब प्रशासकीय कारणाने झाला असेल तर व्याजाची तरतूद नियम 129-अ आणि 129-ब मध्ये आहे, पण व्याजाच्या आशेवर घर चालत नाही.

मुदत संपेपर्यंत नकार आला नाही तर ठरलेल्या दिवशी लेखी अहवाल देऊन कार्यभार सोपवा आणि दुसऱ्या दिवसापासून हजेरीपटावर सही करू नका. "आदेश येईपर्यंत या" असे प्रेमाने सांगितले जाईल. त्या प्रेमाला बळी पडून पुढे काम करत राहिलात तर तुमची निवृत्ती झाली होती की नाही, हाच वाद उभा राहील. मन बदललेच, तर नोटीस मागे घेण्याची विनंती निवृत्तीच्या दिनांकापूर्वीच करावी लागते आणि तीही प्राधिकाऱ्याच्या विशिष्ट मान्यतेनेच शक्य होते. मुदतीत नकार आला तर तो कारणांसह लेखी मागून घ्या. त्याविरुद्ध महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर येथे, साधारणतः एक वर्षाच्या आत दाद मागता येते.

राहिला तुमच्या मुलाचा प्रश्न, जो तुम्ही विचारला नाहीत पण ज्याच्यासाठी हे सगळे चालले आहे. विकलांग अपत्यासाठीच्या विशेष बालसंगोपन रजेला अपत्याच्या वयाची मर्यादा असते आणि ती त्याने ओलांडली आहे. त्यामुळे तो पर्याय तुमच्यासाठी नाही. परंतु नियम 116 खालील कुटुंबनिवृत्तिवेतन, जे सर्वसाधारण दराने अखेरच्या वेतनाच्या 30 टक्के असते, ते तुमच्या पश्चात प्रथम पतीला आणि त्यांच्यानंतर, स्वतःची उपजीविका करू न शकणाऱ्या विकलांग अपत्याला हयातभर मिळू शकते. यासाठी निवृत्तिवेतनाच्या कागदांतील कुटुंबाच्या तपशिलात त्याचे नाव, जन्मदिनांक आणि विकलांगतेची नोंद आत्ताच करून घ्या, सक्षम वैद्यकीय मंडळाचे प्रमाणपत्र सोबत जोडा, आणि त्याला विकलांगतेमुळे कमावता येत नाही असा स्पष्ट उल्लेख त्यात आहे ना, ते पाहून घ्या. आईवडील हयात असताना ही नोंद करणे सोपे असते. त्यांच्या पश्चात मामाला किंवा काकाला तेच काम करताना नाकी नऊ येतात. मुलगा सज्ञान असल्यामुळे त्याच्या वतीने पैसे स्वीकारण्यास कायदेशीर पालक लागेल. 1999 च्या राष्ट्रीय न्यास कायद्याखाली जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील स्थानिक स्तर समितीकडे तुम्ही दोघे पालकत्वासाठी अर्ज करू शकता. त्या कामाला निवृत्तीची वाट पाहण्याचे कारण नाही. नोटिशीच्या तीन महिन्यांतच तो अर्ज देऊन टाका.